जमा आणि नावे

अंबरनाथच्या शिवमंदिरात उत्तरेकडच्या दारातून आत शिरून मान वर केली, की तुळईवर एक लेख आहे. सोमवारच्या गर्दीत तिकडे कुणाचं लक्ष जात नाही. लोक घाईघाईने पायऱ्या उतरून खोलगट गाभाऱ्यात जातात, पाणी घालतात, बाहेर येऊन सेल्फी काढतात. लेख शके ९८२ चा, म्हणजे इ.स. १०६० चा. ठाण्याहून उत्तर कोकणावर राज्य करणाऱ्या शिलाहारांपैकी मामवाणी राजाचं नाव त्यात आहे आणि त्याच्या प्रधान-अमात्यांचीही. काळा दगड खाणीतून काढून वालधुनी नदीच्या काठापर्यंत कुणी ओढत आणला, हे लेखात नाही. ओढणाऱ्यांच्या पोटाला धान्य कुठल्या गावातून आलं, हेही नाही.

संपादकांनी यंदाच्या अंकासाठी ‘मालक’ हा विषय दिला आणि मला म्हणाले, मध्ययुगातल्या सरंजामी शेतकऱ्यावर लिहा. युरोपातला ‘सर्फ’, त्याचा जमीनदार, त्याची गढी. मी म्हटलं, गढी बघायला फ्रान्सला कशाला जायचं? कल्याणच्या पुढची चार स्टेशनं करू.

ताम्रपटातलं शेत

शिलाहार स्वतःला चौदाशे गावांच्या कोकणाचे धनी म्हणवत. त्यांचे दानपत्रांचे ताम्रपट बरेच सापडले आहेत. छित्तराजाचा भांडुपला मिळालेला ताम्रपट शके ९४८ चा, म्हणजे इ.स. १०२६ चा. साष्टीतल्या एका गावातलं शेत त्याने एका ब्राह्मणाला दिलं. दान घेणाऱ्याचं नाव, त्याच्या बापाचं नाव, गोत्र, शेताच्या चारी बाजूंच्या हद्दी, सगळं काटेकोर लिहिलं आहे. अशा दानांत शेताबरोबर गवत, लाकूड, पाणी द्यायची रीत होती आणि राजाच्या शिपायांनी तिथे पाऊल टाकू नये अशी हमीही असे. शेत नांगरणारा मात्र कुठेच नाही. तो शेताबरोबरच गेला असं धरायचं. नाव लिहायची गरज कुणाला वाटली नाही.

दान मोडणाऱ्यासाठी शाप असे. उत्तर कोकणात जागोजागी गधेगाळ नावाचे दगड उभे आहेत. वर चंद्र-सूर्य, मधे मजकूर, खाली एक गाढव आणि एक बाई. दान मोडणाऱ्याच्या आईची काय गत होईल ते चित्रातच काढलेलं. वाचता न येणाऱ्यालाही कळावं म्हणून. जे वाचणार नव्हते, म्हणजे जमीन कसणारे, त्यांच्याशी राजसत्ता बोलली ती एवढीच.

इतिहासकार रामशरण शर्मांनी १९६५ साली ‘इंडियन फ्यूडलिझम’ लिहिलं ते अशाच दानपत्रांच्या आधारावर. त्यांचं म्हणणं, जमीन दानात गेली, तसा तिच्यावरचा माणूसही नव्या धन्याच्या हाताखाली गेला. हरबन्स मुखियांनी पुढे प्रश्न टाकला, की इथे युरोपसारखी सरंजामशाही होती का मुळात? युरोपात कायद्याने बांधलेला भूदास होता. आठवड्याचे दोन-तीन दिवस तो धन्याच्या खाजगी शेतावर राबे, मुलीच्या लग्नाला धन्याला पैसे भरी, मेल्यावर घरातलं सगळ्यात चांगलं जनावर धनी घेऊन जाई, दळण धन्याच्याच गिरणीवर. इथला शेतकरी आपल्या बैलाने, आपल्या औताने शेती करत होता. मुखियांचा मुद्दा चुकीचा नाही. पण कोकणपट्टीत फिरताना वाटतं, की कायद्याने बांधलेला माणूस इथे शोधूच नये. इथे माणूस कागदाने बांधला. कागदावर त्याचं नाव आलं ते एकाच बाजूला, नावे बाजूला. जमेला त्याच्या काहीच पडलं नाही.

पेशवाईतली वेठही अशीच. किल्ल्याला गवत, लाकूड, छपराची पानं पोचवायची, कारकुनाचं ओझं पुढच्या गावापर्यंत न्यायचं, आणि हे सगळं फुकट. पाऊस सरता सरता, भात पिकत असतानाच बोलावणं यायचं. सरकारी दफ्तरात वेठीच्या याद्या निगुतीने ठेवलेल्या सापडतात.

लग्नाला घेतलेले पैसे

इंग्रजी अमलात ठाणे जिल्ह्यात राजा गेला आणि सावकार-मालक आला. कागद बदलला, एवढंच. रयतवारीत जमीन विकता येऊ लागली, गहाण टाकता येऊ लागली. वारली, ठाकूर, कातकरी यांच्या पायाखालची जमीन भराभर सावकारांच्या नावावर गेली. पावसाळ्यात घरातलं धान्य संपलं, की मालकाकडून खावटी घ्यायची आणि पीक आल्यावर दीडपट, कुठे दुप्पट परत करायची. मोजणारं माप मालकाचं.

यातली सर्वात पक्की बेडी लग्नाची होती. लग्नाला पैसे हवेत, पैसे मालकाकडे. घेतले, की नवरा-बायको दोघंही त्याच्या घरी गडी. लग्नगडी. राबून कर्ज फेडायचं, पण हिशोब मालक ठेवायचा आणि त्यात आजारपण, खाडा, फाटलेलं धोतर, सगळं चढत जायचं. बाप मेला की मुलगा. गोदावरी परुळेकरांचं ‘जेव्हा माणूस जागा होतो’ वाचलेल्यांना हे नवं नाही. त्याआधी सरकारी अधिकारी सिमिंग्टन याने १९३०च्या दशकाअखेर आदिवासी भागांवर जो अहवाल दिला, त्यातही वेठ, मारझोड आणि बायकांवरची जबरदस्ती आहे. सरकारला माहीत नव्हतं असं कुणी म्हणू नये.

हा भाग डहाणू-तलासरीचा, आपल्या स्टेशनांपासून लांबचा वाटेल. पण तिथल्या वारल्यांच्या उठावाची पहिली ठिणगी इथूनच हाकेच्या अंतरावर पडली. जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याला किसान सभेचं अधिवेशन भरलं. तिथे उंबरगाव तालुक्यातले काही वारली आले होते. ते परत गेले आणि मे महिन्यात झरी गावात हजारो वारली जमले. मागण्या साध्या होत्या. वेठ बंद, लग्नगडी मोकळे, दिवसाला बारा आणे मजुरी, गवत कापायला पाचशे पौंडांना अडीच रुपये. गवताचा भाव त्यात का, असं शहरातल्या माणसाला वाटेल. मुंबईच्या गोठ्यांना आणि तबेल्यांना लागणारं गवत याच डोंगरांतून जाई आणि ते कापायचे दिवस नेमके भातकापणीच्या तोंडावर येत. झरीनंतर माणसं गावोगाव फिरून लग्नगड्यांना मालकांच्या वाड्यांतून बाहेर काढू लागली. ऑक्टोबरमध्ये तलवाड्याला गोळीबार झाला, पाच माणसं मेली.

 या उठावाच्या सत्तर वर्षं आधी, १२ मे १८७५ ला, पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात कुणब्यांनी थेट कागदाला हात घातला होता. सावकारांचे कर्जरोखे बाहेर काढले आणि जाळले. इंग्लंडमध्ये १३८१ च्या शेतकरी उठावात धन्यांच्या कचेऱ्यांतली दफ्तरं अशीच जळाली. दोन्हीकडे नेमका कागदच कसा पेटला, याचं मला कधी आश्चर्य वाटलं नाही.

नदीकाठची भट्टी

बदलापूर सोडून कर्जतच्या दिशेने वांगणीकडे निघालं, की उल्हास नदीच्या बाजूला अजून मोकळी शेतं दिसतात. भात निघालेल्या खाचरांत विटांच्या भट्ट्या लागतात. एका भट्टीवर पोचलो तेव्हा दहा वाजले होते आणि काम करणाऱ्यांचा अर्धा दिवस झाला होता. पहाटे तीनला उठतात. थंडीत माती गार, पण ऊन चढायच्या आत पाडलेल्या विटा नीट सुकतात, चिरत नाहीत.

काम घरागणिक असतं. नवरा माती भिजवतो, तीत भाताचं तूस आणि राख घालून पायाने तुडवतो. बायको साच्यात चिखल थापते, सपाट केलेल्या जमिनीवर साचा उलटते, उचलते. ती विटा पाडते, मोठी पोरगी आधीच्या विटा उभ्या करून उलटवते. साच्याच्या तळाला लोखंडात उलटी अक्षरं असतात, म्हणजे विटेवर ती सुलटी उमटतात. शेठच्या नावाची आद्याक्षरं. बाई मला सांगत होती, तिच्या हाताखालून दिवसाला किती विटा जातात ते, आणि सांगताना तिचा हात थांबत नव्हता. ती अक्षरं काय आहेत म्हणून विचारलं. हसली. “शेठला म्हाईत.”

ही घरं कातकऱ्यांची. रायगड-ठाण्याच्या डोंगरपायथ्याच्या वाड्यांतली. खैराचा काथ काढणारे म्हणून कातकरी. इंग्रजांनी जंगल बंद केलं, काथ संपला, वर त्यांना ‘गुन्हेगार जमाती’च्या यादीत घातलं. मग कोळशाच्या भट्ट्या आल्या, त्या मंदावल्यावर विटांच्या. सरकारदरबारी आज ते महाराष्ट्रातल्या तीन अतिमागास आदिम जमातींपैकी एक आहेत.

व्यवहार सुरू होतो पावसाळ्यात. श्रावण-भाद्रपदात घरात काही नसतं. शेठ किंवा त्याचा माणूस वाडीत येतो, उचल देतो. उचल म्हणजे आगाऊ रक्कम. पोराचं लग्न, बायकोचं बाळंतपण, कोसळलेलं छप्पर, कधी फक्त गौरी-गणपती. दसरा-दिवाळी झाली की टेम्पो येतो आणि भांडीकुंडी, कोंबड्या, पोरं घेऊन अख्खी वाडी उठते. भट्टीवर झोपड्या त्यांनीच बांधायच्या, मोडक्या विटांच्या आणि पेंढ्याच्या. आठवड्याच्या बाजारादिवशी ‘खर्ची’ मिळते, पोटापुरती. ती खर्ची आणि पाडलेल्या विटांचे पैसे एकत्र मांडून मे महिन्याच्या शेवटी, पाऊस लागायच्या आत, हिशोब होतो. विटा हजाराच्या भावाने मोजतात. फुटलेल्या, वाकड्या, अवकाळीने भिजलेल्या विटा वजा.

हिशोबाची वही मुनीमकडे. पानावर कुटुंबप्रमुखाचं नाव, पुढे खर्चीच्या तारखा आणि आकडे. एका रकान्यात अंगठ्याचे निळे ठसे, एकाखाली एक. मी वही बघायला मागितली तेव्हा मुनीमने मोकळेपणी दाखवली, लपवण्यासारखं त्याला काही वाटत नव्हतं. आकडे नीट होते. दवाखान्याला नेलेल्या पोराच्या रिक्षाचे पैसेसुद्धा होते. वहीत खोटं काही असेलच असं नाही. वही एकच असते, हाच मुद्दा. राबणाऱ्याकडे दुसरी नाही आणि शेवटी ‘फिटलं की नाही’ ते तीच सांगते. फिटलं नाही, तर उरलेलं अंगावर राहतं, म्हणजे पुढच्या वर्षी त्याच भट्टीवर. अंगावर असताना दुसऱ्या शेठकडे गेलं, तर तो शेठ आधीच्याचे पैसे भरतो आणि मग माणूस त्याचा. हे ऐकताना युरोपातल्या भूदासाची गोष्ट आठवली. जमीन विकली गेली, की तो नव्या धन्याचा. इथे जमीन नाही, पण माणूस हातोहात जातोच.

शेठशीही बोललो. माणूस राक्षस नव्हता. त्याच्या आजोबांची शेती मक्त्याची. १९४८ चा कुळकायदा आला, १ एप्रिल १९५७ च्या कृषकदिनाने कूळ मालक झालं, आणि घर वर आलं. आता त्याच शेतात भट्टी. त्याचंही रडगाणं होतं: तूस महाग, कोळसा महाग, बिल्डर पैसे महिनोन्महिने लटकवतात, शहरात आता सिपोरेक्सचे ब्लॉक लागतात, लाल वीट कोण घेतो? “उचल दिली नाही तर येणार कोण?” हा त्याचा प्रश्न. उलटाही विचारता आला असता: उचल नसती, तर कोण राहिलं असतं?

मला मात्र आजोबांचंच नवल वाटत राहिलं. कुळकायद्याने ज्याला जमीन दिली, तो कूळ म्हणून सातबाऱ्यावर दिसत तरी होता. इथले आगरी आणि कुणबी शेतकरी लढलेही. अलिबाग तालुक्यात नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली चरी गावच्या आणि आसपासच्या शेतकऱ्यांनी १९३३ पासून सहा वर्षं खोतांची शेतं पडीक ठेवली. त्यांच्या बाजूने बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले, खोती नष्ट करण्याचं बिल त्यांनी १९३७ मध्ये मुंबई विधिमंडळात मांडलं. कूळ असलेल्याचं पुढे काही झालं. बांधावर राबणारा कातकरी कूळच नव्हता. त्याचं नाव जमेच्या कागदावर नव्हतं, मग त्याला कायदा काय देणार?

कोणाचं गवताण, कोणाचं गावठाण

अंबरनाथ तालुक्यात या प्रश्नाचं दुसरं टोकही आहे. नेवाळी. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारने धावपट्टीसाठी तिथल्या गावांची जमीन घेतली. त्याच सुमारास शेजारी कल्याणचा लष्करी कॅम्प उभा राहिला. फाळणीनंतर तिथल्या बराकींत सिंधी निर्वासित आले आणि १९४९ मध्ये त्याचं उल्हासनगर झालं. कॅम्प गेला, शहर झालं, पण नेवाळीची जमीन सरकारच्याच नावावर राहिली. शेतकरी मधली सगळी वर्षं तिथे भात लावत राहिले. २२ जून २०१७ ला त्याच जमिनीवरच्या नौदलाच्या कुंपणाच्या कामावरून रस्त्यावर गाड्या जळाल्या, गोळ्या झाडल्या गेल्या. बातम्यांत ‘हिंसक जमाव’ एवढं आलं. पिढ्यान्‌पिढ्या नांगरलेल्या जमिनीच्या कागदावर आपलं नाव नाही, याने माणूस काय करील हे सांगायला फार अभ्यास लागत नाही.

कातकऱ्यांच्या वाड्यांचं तर त्याहून वाईट. बरीचशी घरं कुणाच्या तरी खाजगी मालकीच्या जमिनीवर आहेत. आधी मालकाला चालत होतं, कारण हाकेला मजूर हवा होता. आता कर्जतपर्यंत लोकल भरून जाते, बदलापूरला टॉवर उभे राहतात, वांगणीपलीकडे फार्महाऊसचे बोर्ड लागले आहेत. जमिनीला भाव आला आणि मजूर नको झाला. मग आधी विहिरीकडच्या वाटेवर तारेचं कुंपण पडतं. डॅनियल बकल्स आणि राजीव खेडकर यांनी वाड्यांवाड्यांत जाऊन, कातकऱ्यांनाच नकाशे काढायला लावून ‘फायटिंग इव्हिक्शन’ हे पुस्तक लिहिलं. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेत अशा वस्तीला गावठाण जाहीर करायची तरतूद आहे. अर्ज करावा लागतो, आणि अर्ज करायच्या दिवसांत वाडी भट्टीवर असते.

दाखला

वेठबिगार संपली, असं कायदा १९७६ पासून सांगतो. आणीबाणीतल्या अध्यादेशाने ती २५ ऑक्टोबर १९७५ पासूनच संपलेली आहे. कर्ज फिटलेलं समजायचं, वही गेली खड्ड्यात. १९८२ मध्ये एशियाड बांधकाम मजुरांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आणखी पुढचं सांगितलं: किमान वेतनापेक्षा कमी मजुरीवर राबवून घेणं हीच सक्तीची मजुरी. आणि कर्ज बंधनाचं नव्हतं हे सिद्ध करायची जबाबदारी कायद्याने कर्ज देणाऱ्यावर टाकली आहे, घेणाऱ्यावर नाही. वाचताना बरं वाटतं.

वसई तालुक्यात विवेक आणि विद्युल्लता पंडितांनी १९८२ मध्ये श्रमजीवी संघटना काढली ती याच कायद्याचा हात धरून. बंधमुक्ती कशी होते? आधी कुणीतरी तक्रार करायची. तहसीलदार किंवा प्रांत भट्टीवर जातात, पंचनामा होतो, जबाब घेतात. जबाब भट्टीवरच झाला, शेठ दहा फुटांवर उभा असला, तर काय जबाब येणार? म्हणून संघटनेची माणसं मजुरांना आधी दुसरीकडे हलवायचा आग्रह धरतात. जबाबात उचल, खर्ची, जायला मज्जाव, असं सगळं आलं की मुक्ततेचा दाखला मिळतो. त्या दाखल्याशिवाय पुनर्वसनाचे पैसे नाहीत. २०१६ च्या केंद्रीय योजनेत पुरुषाला १ लाख, स्त्री आणि बालकाला २ लाख, अतिशोषणाच्या प्रकरणात ३ लाख आहेत. पण पूर्ण रक्कम शेठला शिक्षा होण्याशी जोडलेली, आणि खटला चालतो तो आपल्या गतीने. मधल्या काळात खायचं काय, या प्रश्नावर पुन्हा वाडीत टेम्पो येतो.

कार्यालयातला पहिला प्रश्न अजूनही मजुरालाच असतो: उचल किती घेतली होती? जणू गुन्हा तिथून सुरू होतो. रक्कम मोठी सांगितली, तर ‘एवढी घेतली तर काम करायलाच हवं’. लहान सांगितली, तर ‘एवढ्यासाठी कोण बांधून ठेवेल’. २०२१ मध्ये मोखाड्यात गाजलेलं प्रकरण मुलाच्या कफनासाठी घेतलेल्या पाचशे रुपयांचं होतं. २०२२ मध्ये इगतपुरीकडच्या कातकरी वस्तीतली लहान मुलं मेंढपाळांकडे राबायला ठेवलेली आढळली, थोड्या पैशांच्या आणि एखाद्या मेंढीच्या बदल्यात. रक्कम किती, याचा संबंध कधीच नव्हता.

त्या भट्टीवरच्या बाईला मी शेवटी विचारलं, या वर्षी फिटेल का. नवरा म्हणाला फिटेल, ती म्हणाली नाही. दोघांमध्ये वाद झाला, खर्चीच्या कुठल्याशा आठवड्यावरून, गाडीभाड्यावरून. पोरगी विटा उलटवत होती, तिने न बघता रक्कम सांगितली. ती कुणी लिहून ठेवली नव्हती, तिला पाठ होती. चौथीपर्यंत शिकली आहे. दिवाळीनंतर शाळेत जात नाही, कारण शाळा वाडीत आणि ती इथे.

सरकार काही करत नाही असं नाही. महाराष्ट्राने रोजगार हमी योजना देशाच्या आधी आणली. तिची कामं निघतात ती उन्हाळ्यात, रस्त्याची, तलावाची. कातकऱ्याची भूक लागते श्रावणात, जेव्हा खोदायला कोरडी जमीन नसते आणि भट्टी बंद असते. त्या महिन्यांसाठीच खावटीची कल्पना आहे. कोविडच्या काळात राज्याने खावटी अनुदान जाहीर केलं, कुटुंबामागे चार हजार, निम्मे खात्यात आणि निम्म्याचा किराणा. त्यासाठी आधार, बँक पासबुक, जातीचा दाखला. शेठ पासबुक विचारत नाही. त्याची उचल भाद्रपदात येते, मागितल्या दिवशी, वाडीत घरापर्यंत, आणि अंगठा लावायला वही त्याच्या खिशातच असते.